आधी एक मोटेट स्वतः उतरवून काढा

वसईच्या एका वाचकाचं पत्र: "मी २४ वर्षांचा आहे. बी.कॉम. झालंय, एका खासगी कंपनीत अकाउंट्स पाहतो. लहानपणापासून धर्मग्रामाच्या कॉयरमध्ये टेनर गातो आणि गेली तीन वर्षं रविवारच्या मिस्साचा कॉयर मीच बसवतो. ट्रिनिटी कॉलेज लंडनची थिअरीची सहावी ग्रेड झाली आहे. पालेस्त्रीना आणि व्हिक्टोरिया हे सोळाव्या शतकातले रचनाकार ऐकले तेव्हापासून दुसरं काही डोक्यात नाही. मला जुन्या युरोपीय संगीताचा अभ्यासक आणि कॉयर संचालक व्हायचंय. घरचे विचारतात, चारशे वर्षांपूर्वीच्या गाण्यांवर पोट कसं भरणार? नोकरी सोडून थेट परदेशात प्रवेश घ्यावा का? गाणं आधी की संशोधन आधी? आणखी एक, चर्चच्या कपाटात लॅटिन गाण्यांची हाताने लिहिलेली एक जुनी वही मिळाली आहे. तिचं काय करू?"

नोकरी आज सोडू नका. प्रवेशाचा अर्जही आज भरू नका. त्याआधी जवळपास बिनखर्चाचं, सहा महिन्यांचं एक काम करा. सोळाव्या शतकातलं चार आवाजांचं एक मोटेट, म्हणजे लॅटिन शब्दांवरचं बहुस्वरी चर्चगीत, मूळ छापील पुस्तकावरून स्वतः उतरवून काढा आणि आठ जणांकडून ते म्हणून घ्या. या पेशात पुढे वर्षानुवर्षं जे करावं लागतं ते सगळं या एका कामात छोट्या प्रमाणात येतं. ते करताना रात्रीचा एक कधी वाजला हे कळलं नाही, तर पुढचा खर्च करायला हरकत नाही. जीव रमला नाही तर कॉयर मन लावून चालवा आणि संशोधनाचा नाद सोडा. त्यात कमीपणा अजिबात नाही.

गाणं आधी की संशोधन आधी, हा प्रश्न या क्षेत्रात फार काळ टिकत नाही. अँड्र्यू पॅरट यांनी १९७३ मध्ये टॅव्हर्नर कॉयर सुरू केला. इटालियन रचनाकार मॉन्तेव्हेर्दीच्या १६१० च्या सांजप्रार्थनांमधले काही भाग लिहिलेल्या पट्टीपेक्षा चौथ्या स्वराइतके (सा ते म एवढे) खाली गायला हवेत, असं त्यांनी १९८४ साली एका लेखात ओळीच्या सुरुवातीला स्वरांची जागा ठरवणाऱ्या जुन्या चाव्यांच्या, म्हणजे क्लेफच्या, आधारे मांडलं आणि त्याच सुमारास तसं ध्वनिमुद्रणही केलं. वाद झाला, पण वाद घालणाऱ्यांना ऐकायला काहीतरी होतं. ख्रिस्तोफर पेज मध्ययुगीन साहित्याचे अभ्यासक. त्यांनी १९८० मध्ये गॉथिक व्हॉइसेस हा गट काढला आणि मध्ययुगीन गाणी वाद्यांशिवाय, नुसत्या आवाजांत कशी उभी राहतात हे गाऊन तपासलं. ओवेन रीस ऑक्सफर्डच्या क्वीन्स कॉलेजचा कॉयर चालवतात आणि त्याच वेळी पोर्तुगालच्या कोइंब्रा शहरातल्या सांता क्रूझ मठाच्या हस्तलिखितांवरचे जाणकार म्हणून ओळखले जातात. तिघांच्याही बाबतीत कागदावर पडलेला प्रश्न गळ्यातून तपासला गेला आणि गाताना अडलेलं पुन्हा कागदावर शोधलं गेलं.

आता काम. व्हिक्टोरियाचं मोटेटांचं पहिलं पुस्तक १५७२ साली व्हेनिसमध्ये छापलं गेलं. त्यात 'ओ माग्नुम मिस्तेरियुम' आहे, चार आवाजांचं, नाताळचं. तेच घ्या. त्याच्या आधुनिक प्रती भरपूर मिळतात, पण त्या आत्ता उघडायच्या नाहीत. त्या शेवटी ताळा करायला. त्या काळच्या छापील संगीताच्या प्रतिमा अनेक ग्रंथालयांनी आणि आयएमएसएलपी या स्वरलिपींच्या ऑनलाइन संग्रहाने मोफत ठेवल्या आहेत. कोणत्या पुस्तकाची प्रत कुठे शिल्लक आहे हे रिझ्म या आंतरराष्ट्रीय सूचीत सापडतं.

पहिला धक्का असा की मुळात स्कोअर, म्हणजे सगळे आवाज एकाखाली एक लिहिलेली प्रत, नसतेच. प्रत्येक आवाजाचं पुस्तक वेगळं, आणि त्यात मात्रांच्या उभ्या रेषा नाहीत. स्वर किती लांब धरायचा हे त्याच्या आकृतीवरून कळतं: चौकोनी आकृती म्हणजे ब्रेव्ह, पोकळ शंकरपाळ्यासारखी म्हणजे सेमिब्रेव्ह, तिलाच दांडी लावली की मिनिम, ती भरीव केली की सेमिमिनिम. सुरुवातीला काळाची खूण असते. पूर्ण वर्तुळ असेल तर एका ब्रेव्हमध्ये तीन सेमिब्रेव्ह, अर्धवर्तुळ असेल तर दोन. अर्धवर्तुळाला उभी रेघ दिलेली असते तीच तुम्हाला सोळाव्या शतकात सगळ्यात जास्त भेटेल आणि ती सोपी आहे. तीनच्या हिशेबात मात्र नवशिक्या हमखास फसतो. तिथे ब्रेव्हच्या लगेच पुढे दुसरी ब्रेव्ह आली तर पहिली पूर्ण तीन मोजायची. पुढे सुटी सेमिब्रेव्ह आली तर ती बहुधा आधीच्या ब्रेव्हमधला एक भाग खाते आणि ब्रेव्ह दोनाची उरते. काळी केलेली आकृती आपल्या किमतीचा तिसरा हिस्सा गमावते. या मोटेटातला शेवटचा 'आलेलुया' तीनाच्या चालीत आहे, म्हणून सुरुवातीलाच हा धडा मिळेल.

दोन-तीन स्वर एकत्र जोडलेले दिसतात त्यांना लिगेचर म्हणतात. पहिल्या स्वराच्या डावीकडून दांडी वर गेली असेल तर पहिले दोन्ही स्वर सेमिब्रेव्हचे, एवढा नियम आधी पाठ करा. सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात बहुतेक वेळा तोच लागतो. ओळीच्या शेवटी नागमोडी छोटी खूण असते. ती पुढच्या ओळीचा पहिला स्वर कुठे आहे ते सांगते. ओळ बदलताना चावीही बदलली असेल, तर ही खूण चूक वाचवते. शब्दांच्या जागी मध्येच 'इज' असं काहीतरी दिसेल. ते अक्षर नव्हे, तो रोमन दोनचा आकडा आहे: आधीचेच शब्द पुन्हा म्हणा. कुठल्या स्वरावर कुठलं अक्षर बसवायचं हे मात्र तुम्हीच ठरवायचं. झार्लिनो या संगीतशास्त्रकाराने १५५८ मध्ये त्याचे नियम लिहून ठेवले आहेत. एका लिगेचरला एकच अक्षर आणि शेवटचं अक्षर शेवटच्या स्वरावर, हे दोन पाळले तरी निम्मा गोंधळ मिटतो.

चारही आवाज वेगवेगळे उतरवा, म्युझस्कोर हे स्वरलेखनाचं सॉफ्टवेअर पुरेसं आहे, फुकट आहे. प्रत्येक आवाजाच्या शेवटी एकूण ब्रेव्हची बेरीज लिहा. चारही बेरजा जुळल्या पाहिजेत. (अकाउंट्सचा माणूस इथे पुढे असतो, हे खरंच सांगतो आहोत. ताळेबंद जुळेना म्हणून मागे जाऊन नोंद शोधायची सवय तुम्हाला आहे.) एक सेमिब्रेव्ह कमी भरत असेल तर सुरुवातीपासून शोधू नका. चारही आवाज शेवटचे जिथे एकत्र थांबले त्या कॅडेन्सपासून, म्हणजे विसाव्यापासून, पुढे शोधा. बऱ्याचदा चूक विरामाच्या खुणेत असते: ती उभी रेघ किती घरं व्यापते हे नीट न पाहिल्यामुळे. बेरीज जुळूनही कुठे भर ठोक्यावर बेसूर स्वर अचानक आला, आधीच्या ठोक्यावर तोच स्वर धरून ठेवलेला नसताना, तर तिथे तुमची किंवा छापणाऱ्याची चूक आहे. या शैलीत अशी ठेच तयारीशिवाय दिली जात नाही. दुरुस्ती केली की ती तळटिपेत नोंदवा: मुळात काय होतं, तुम्ही काय केलं. त्या तळटिपेमुळेच नुसती नक्कल ही संपादित आवृत्ती होते.

यानंतर फिक्टा, म्हणजे लिहिलेले नसतानाही गायचे ते तीव्र-कोमल. दोन आवाजांमधलं सहाव्या स्वराचं अंतर उघडून आठव्याचं होतं तिथे वरच्या आवाजाचा स्वर अर्ध्याने चढवायचा, असा त्या काळच्या गायकांचा रिवाज. तो मुळात छापलेला नसतो, कारण गायकाला तो माहीत असे. तुमच्या प्रतीत अशी खूण स्वराच्या वर छोटी लिहायची, ओळीत नाही, म्हणजे ती मूळची नसून तुमची आहे हे वाचणाऱ्याला कळेल. आधुनिक कानाला गोड लागतं म्हणून सगळीकडे तीव्र करत सुटलात तर मोडचा, म्हणजे त्या काळच्या स्वरसप्तकाचा, रंग जातो. नवशिक्यांची ही सगळ्यात मोठी चूक, आणि कॉयर ती आनंदाने गातो म्हणून ती लक्षातही येत नाही.

पट्टी ठरवताना वरच्या आवाजाची चावी पाहा. दुसऱ्या रेषेवर जी-चावी आणि बाकीच्याही चाव्या नेहमीपेक्षा वरच्या असतील, तर त्या रचना बहुतेक वेळा चौथ्या किंवा पाचव्या स्वराइतक्या खाली उतरवून गायच्या असतात. हे न पाहता लिहिल्याप्रमाणे गायलं की सोप्रानो किंचाळतात, बास टेनर होतात आणि लोक म्हणतात हे संगीत आपल्या आवाजाला झेपत नाही. आवाज ठीकच असतात, चुकते ती पट्टी.

आता तालीम. आठ जण, एका आवाजाला दोन. दोघांनी आळीपाळीने श्वास घ्यायचा म्हणजे लांब ओळ तुटत नाही. सहा तालमी, प्रत्येकी दोन तास. पहिल्या तालमीत गाऊच नका. लॅटिन शब्द अर्थासकट वाचा, मग लयीत बोला. दुसऱ्या तालमीत उत-रे-मी-फा-सोल-ला या जुन्या सहा अक्षरांवर गा. मी आणि फा यांच्यात नेहमी अर्धा स्वर असतो, एवढं एक ठरलं की अंतरं पक्की बसतात. मग दोन-दोन आवाज जोडीने घ्या, आणि आधी सोप्रानो-टेनर, कारण रचनेचा कणा बऱ्याचदा या जोडीत असतो. गोल उभे राहा. हाताने ठोका द्या, खाली आणि वर, इतकंच. गाफुरिउस या संगीतशास्त्रकाराने १४९६ मध्ये या ठोक्याची तुलना शांतपणे श्वास घेणाऱ्या माणसाच्या नाडीशी केली आहे. आजच्या संचालकासारखे दोन्ही हात हवेत फिरवू लागलात की आठही जण तुमच्याकडे बघतात आणि एकमेकांना ऐकणं थांबवतात.

पियानो किंवा कीबोर्ड लावू नका. इथे तुमच्याकडे एक साधन आहे जे युरोपातल्या विद्यार्थ्याला सहज मिळत नाही: तंबोरा. चांगल्या जुळलेल्या तंबोऱ्यात खर्जाच्या तारेतून स्वयंभू गांधार ऐकू येतो. तो षड्जापासून ३८६ सेंटवर असतो (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग), पियानोचा गांधार ४०० वर. हा १४ सेंटचा फरक म्हणजे या संगीताच्या शेवटच्या स्वरसंगतीतली शांतता. कॉयरला शेवटच्या स्वरसंगतीवर थांबवा, बासला षड्ज आणि टेनरला पंचम धरायला सांगा, आणि गांधार गाणाऱ्याला तंबोऱ्यातल्या गांधारावर हळूहळू खाली उतरू द्या. जागेवर आला की सुराची थरथर थांबते, आणि ते खोलीतल्या सगळ्यांना एकाच क्षणी कळतं.

सगळं शुद्ध गाऊनही पट्टी उतरली तर लगेच गायकांना दोष देऊ नका. शुद्ध पंचम आणि शुद्ध गांधार एका विशिष्ट क्रमाने आले की प्रत्येक फेरीला साधारण साडेएकवीस सेंट घसरतात. हे गणित बेनेदेत्ती या इटालियन गणितज्ञाने सोळाव्या शतकातच मांडलं होतं. उपाय असा की धरून ठेवलेला स्वर ज्याच्याकडे आहे त्याने हलायचं नाही आणि बाकीच्यांनी त्याच्याशी जुळायचं. पण पट्टी पहिल्या पानातच अर्धा स्वर उतरत असेल तर ते बेनेदेत्तीचं गणित नाही, खाली येताना अर्धे स्वर मोठे पडताहेत. ते दुरुस्त करा.

हे सगळं झाल्यावर आधुनिक प्रत उघडा आणि तुमच्या प्रतीशी ओळ न् ओळ ताडून पाहा. फरक दिसेल तिथे मुळाकडे जा. कधी तुम्ही चुकलेले असाल, कधी तिथे दोन योग्य उत्तरं असतील. एक लक्षात ठेवा: व्हिक्टोरियावर कोणाचा हक्क उरलेला नाही, पण आजच्या संपादकाच्या प्रतीवर असतो. तिची झेरॉक्स कॉयरला वाटू नका, तुमची स्वतःची वाटा.

शिक्षणाबद्दल. बी.कॉम.वर थेट संगीतशास्त्राच्या एम.ए.ला प्रवेश अवघड जातो, कारण संगीतातली तयारी दाखवावी लागते. थिअरीची आठवी ग्रेड करा, गायनात ट्रिनिटीचा एटीसीएल आणि मग एलटीसीएल डिप्लोमा करा. परीक्षा इथेच देता येतात. त्यासोबत वर सांगितलेलं मोटेट आणि तळटिपा जोडा. दोन-तीन अशा स्वतःच्या आवृत्त्या आणि त्यांचं साधं ध्वनिमुद्रण असेल तर निवड करणाऱ्यांपुढे ठेवायला ठोस काहीतरी राहतं. लॅटिन आत्तापासून सुरू करा, रोज अर्धा तास. वसईत जुन्या पिढीतल्या एखाद्या फादरांकडे शिकायला मिळालं तर क्लास शोधू नका.

गाण्यावर भर द्यायचा असेल तर बाझेलचं स्कोला कान्तोरुम, जे १९३३ मध्ये खास जुन्या संगीतासाठीच सुरू झालं, आणि हेगचं रॉयल कॉन्झर्व्हेटरी ही नावं पहिली. जर्मनीत ट्रॉसिंगेनला जुन्या संगीताची वेगळी संस्था आहे. ते बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्यात येतं आणि तिथे युरोपीय संघाबाहेरच्या विद्यार्थ्याला सेमिस्टरला १,५०० युरो फी आहे. जर्मनीतल्या बहुतेक सरकारी संस्थांत शिकवणी फी नाही, पण राहण्याखाण्याचे पैसे खात्यात आधी दाखवावे लागतात आणि जर्मन यावी लागते. ग्रंथांवर भर असेल तर फ्रान्समध्ये तूर इथलं रेनेसाँस अभ्यास केंद्र आहे.

तुमच्यासाठी मात्र आम्ही आणखी एक वाट सुचवू: पोर्तुगाल. दुआर्ते लोबो आणि मान्युएल कार्दोझो हे पोर्तुगीज बहुस्वरी संगीताचे दोन मोठे रचनाकार लिस्बनमध्ये काम करत होते तेव्हा वसईही पोर्तुगीजांकडेच होती, १५३४ ते १७३९. चौथ्या जुआंव राजाचं प्रचंड संगीत ग्रंथालय १७५५ च्या लिस्बनच्या भूकंपात नष्ट झालं. त्याची १६४९ साली छापलेली यादी तेवढी उरली. त्यामुळे जे बाहेर इकडेतिकडे शिल्लक आहे त्याला मोल आहे, आणि त्यावर काम करणारी माणसं थोडी आहेत. लिस्बनच्या नोवा विद्यापीठाने जुन्या पोर्तुगीज संगीत हस्तलिखितांचा खुला संग्रह ठेवला आहे, तो घरबसल्या पाहता येतो. पोर्तुगीज भाषा शिकायची सोय पणजीत आहे, आणि पर्वरीचं झेवियर इतिहास संशोधन केंद्र तुमच्या अभ्यासाला उपयोगी पडेल. मराठी, लॅटिन आणि पोर्तुगीज तिन्ही वाचणारा, वर कॉयर बसवणारा माणूस शोधून सापडत नाही.

घरच्यांच्या प्रश्नाचं उत्तर सरळ द्या. नुसत्या जुन्या संगीताच्या कॉयरवर घर चालवणारे लोक जगात फार थोडे. गायकांना मानधन कार्यक्रमागणिक मिळतं, तालमींचं बऱ्याचदा नाही. बहुतेकांचा पगार विद्यापीठात किंवा शाळेत शिकवण्याचा, नाहीतर चर्चच्या संगीत प्रमुखाच्या जागेचा असतो, आणि त्याला आवृत्त्या तयार करणं, व्याख्यानं, कार्यशाळा यांची जोड असते. युरोपात डॉक्टरेट ही अनेक ठिकाणी पगाराची किंवा शिष्यवृत्तीची जागा असते, तिची जाहिरात निघते. म्हणून कर्ज काढायचंच असेल तर एम.ए.पुरतं काढा. स्वतःच्या पैशांनी डॉक्टरेट करू नका. नोकरी सोडायची ती प्रवेशाचं आणि शिष्यवृत्तीचं पत्र हातात आल्यावर.

आता वही. ती चर्चची आहे, घरी नेऊ नका. प्रमुख धर्मगुरूंची लेखी परवानगी घेऊन तिथेच बसा. हात धुऊन कोरडे करा. हातमोजे नकोत, त्यांनी बोटांना कागद कळत नाही आणि पान फाटतं. वही सपाट दाबून उघडू नका, दोन बाजूंना उशा ठेवून अर्धवट उघडी धरा. लॅमिनेशन आणि सेलोटेप अजिबात नको. वसईच्या दमट हवेत कसर लागते, म्हणून नंतर आम्लरहित कागदात गुंडाळून बंद डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवा आणि पावसाळ्यात पुड्या बदलत राहा. खिडकीजवळच्या उजेडात, फ्लॅशशिवाय, शेजारी मोजपट्टी ठेवून प्रत्येक पानाचा फोटो घ्या. कोरी पानं आणि पुठ्ठाही सोडू नका, तारखा आणि नावं बहुधा तिथेच असतात. मग एका तक्त्यात प्रत्येक गाण्याचे पहिले शब्द, पहिले आठ-दहा स्वर, किती आवाज, कोणती चावी, अक्षर कुठे बदललं ते लिहा. कान्तुस या एकसुरी लॅटिन चर्चगीतांच्या खुल्या सूचीत शब्द टाकून पाहा. बरीचशी गाणी ओळखीची निघतील. जी निघणार नाहीत तिथून तुमचा विषय सुरू होतो.

आणि मोटेटाच्याही आधी, येत्या रविवारीच, एक काम करा. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर उपासना मराठीत आली आणि लॅटिन गाणं मागे पडलं. त्याआधी कॉयरमध्ये गायलेली माणसं आज पंचाहत्तरीच्या पुढे आहेत. वहीच्या फोटोंची प्रत घेऊन त्यांच्याकडे जा. ध्वनिमुद्रण करण्याआधी त्यांची परवानगी घ्या आणि तीही मुद्रित करा. फाइल डब्ल्यूएव्ही ठेवा, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. पंखा बंद करा. पहिल्यांदा नाव, गाव, तारीख आणि हे कोणाकडून शिकलात हे विचारा. 'तेव्हा कसं गायचे?' असं विचारू नका, लोक वर्णन करत बसतात. वहीतली पहिली ओळ तुम्ही गुणगुणा आणि थांबा. गाणं अर्ध्यात तुटलं, 'आता आठवत नाही' म्हणाले, तरी रेकॉर्डर बंद करू नका. चहा येईपर्यंत चालू ठेवा. दुसरं कडवं पुष्कळदा तेव्हा आठवतं.